सोनाराच्या शेगडीजवळ दोन दिवस

प्रश्न : डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात मी, माझे यजमान आणि आमची चौदा वर्षांची लेक कुडाळ-मालवण भागात येतो आहोत. माझ्या मैत्रिणीनं बालीच्या सहलीत चेलुक गावी बसून स्वतःच्या हातानं चांदीची अंगठी केली. तेव्हापासून लेकीनं धोशा लावलाय, की आपणही कोकणात नथ नाहीतर ठुशी करायला शिकायची. दोन दिवस हाताशी आहेत. असं कुठं शिकायला मिळतं का? आणि एवढ्यात खरंच काही येतं का?
– एक वाचक, नाशिक

ताई, दोन दिवसांत कारागिरी येत नाही, पण हाताला तिची ओळख होते आणि तेवढ्यासाठी यायलाच हवं. मी सोनाराच्या घरात सून म्हणून आले आणि दागिने दोऱ्यात ओवून गाठवणं सासूबाईंकडून शिकले, म्हणून हे ठामपणे सांगते. फक्त काय मागायचं आणि कुणाकडे, हे निघण्याआधी ठरवा.

चेलुकची गोष्ट वेगळी. ते गावच सोन्याचांदीच्या कारागिरांचं, आणि आलेल्या पाहुण्याला शिकवणं हा तिथल्या कितीतरी घरांचा धंदा झालाय. आपल्याकडे पेढीत पुढे गिऱ्हाईक आणि मागे शेगडी. मागच्या खोलीत परक्या माणसाला सहसा नेत नाहीत, कारण तिथं चार घरांचं सोनं उघड्यावर असतं. कानशीखाली पडलेला कीससुद्धा हिशेबातला. खोली झाडलेला केरही टाकत नाहीत. तो झारेकरी घेऊन जातो आणि धुऊन त्यातलं सोनं काढतो. त्यामुळे दारात उभं राहून "वर्कशॉप आहे का?" विचारलंत, तर नाही म्हणतील. त्यापेक्षा ज्या घरी उतराल तिथल्या काकूंना विचारा, "तुम्ही मंगळसूत्र कुणाकडून गाठवून घेता?" ते नाव मिळालं की त्यांनाच फोन लावायला सांगा. ओळखीनं आलेल्या माणसाला आमच्याकडे आधी चहा मिळतो, मग बसायला पाट.

वेळ तुम्ही चांगली निवडलीत. बहुतेक वर्षी डिसेंबरअखेर ते जानेवारीत पौष येतो. पौषात लग्नं नसतात, त्यामुळे पेढीवर हात थोडे मोकळे असतात. तारखा पक्क्या करण्याआधी दिनदर्शिकेत एकदा बघून घ्या, कारण अधिक महिन्याच्या वर्षात पौष पुढे सरकतो. गौरी-गणपतीच्या आधी आणि मे महिन्यात तर कुणी मान वर करून बघणार नाही. आठवडी बाजाराचा वारही टाळा. त्या दिवशी आजूबाजूच्या गावांतली सगळी गिऱ्हाइकं एकदम येतात.

आता काय शिकायचं. पहिला अख्खा दिवस ओवण्या-गाठवण्याला द्या. लेकीचा थोडा हिरमोड होईल, कारण दागिना म्हटलं की डोळ्यांपुढे आग आणि हातोडी येते. पण ठुशी घ्या, काळी पोत घ्या, मोहनमाळ किंवा तन्मणी घ्या. सोनारानं मणी आणि पदक घडवलं तरी गळ्यात बसणारा दागिना होतो तो पटवेकऱ्याच्या, म्हणजे दागिने ओवून-गाठवून देणाऱ्याच्या, दोऱ्यावर. पटवेकरी जमिनीवर बसतो, पायाच्या अंगठ्याला रेशीम अडकवतो आणि दोन्ही हात मोकळे ठेवून गाठी मारतो. ताण कमीजास्त करायचा तो पायानं. ठुशीचे मणी इतके दाट बसायला हवेत की मधला दोरा दिसता कामा नये, आणि तरी ती गळ्याच्या बाकाला वळली पाहिजे. मागचा गोंडा सरकता असतो, म्हणून एकच ठुशी तुमच्या लेकीला बसेल आणि तुम्हालाही. मोत्यांच्या सरात दोन मोत्यांमध्ये गाठ का मारतात, हे तिला स्वतः मारून बघू दे. दोरा तुटला तरी एखादाच मोती जातो, आणि मोती एकमेकांवर घासत नाहीत. मोती मऊ असतो, कॅल्शियम कार्बोनेटचा. आंबटानं त्याची झिलई जाते. तेव्हा जेवणात सोलकढी झाली असेल, तर हात स्वच्छ धुऊनच परत बसायचं. सुगंधी फवारा तर त्या दिवशी खोलीवरच ठेवा.

सासूबाई शिकवताना एकच गोष्ट पुन्हा पुन्हा म्हणायच्या : "गो बाय, घाय करू नको, हात हलको ठेव." दोरा ओढला की गाठ मण्यापासून लांब बसते आणि सैल पडते. हे सांगून कळत नाही. दहा-वीस गाठी उसवल्यावर बोटांना आपोआप कळायला लागतं, आणि मला वाटतं, दोन दिवसांतली खरी कमाई हीच. शिकायला पितळेचे सोनेरी मणी आणि काचेचे मोती पुरतात. पहिल्याच दिवशी खऱ्या सोन्याचा हट्ट धरू नका.

दुसऱ्या दिवसासाठी नथ की अंगठी, हे लेकीवर सोपवा. दोन्ही एका दिवसात कोंबू नका.

नथ हे तारेचं काम. पाऊण मिलिमीटरच्या आतबाहेरची एक मुख्य तार, तिला आधी बाक द्यायचा. मग मधला लाल खडा बसवायचा आणि त्याच्याभोवती एकेक मोती पाव मिलिमीटरच्या बारीक तारेनं बांधत जायचं. तार प्रत्येक वेळी मागून फिरवायची, म्हणजे पुढून फक्त मोती दिसतात. सैल बांधलं तर मोती गरगर फिरतो, जास्त आवळलं तर बारीक तार तुटते. आदल्या दिवशीचा हात इथं कामाला येतो. पितळेची तार टोचलेल्या नाकात घालू नका, काहींना तिचा त्रास होतो. चापाची नथ करा, नाहीतर नाकातला भाग चांदीच्या तारेचा करून मागा. जुन्या नथींत दिसतात ते मोती इराणी आखातातले, बसऱ्याचे म्हणून ओळखले जाणारे. जपानमध्ये 1893 साली मिकिमोटोनं संवर्धित मोती काढून दाखवला आणि पुढच्या काही दशकांत तो आखाती व्यापार बसला. कुणाच्या घरी तशी नथ दाखवली, तर ती पांढऱ्या कापडावर ठेवून बघा. त्या मोत्यांचा रंग किंचित पिवळसर दिसतो आणि एक मोती दुसऱ्यासारखा नसतो.

अंगठी करायची तर चांदीची. दोन मिलिमीटर जाडीच्या तारेची साधी अंगठी दोन ग्रॅमच्या आसपास होते. बोटाला दोरा गुंडाळून लांबी घ्यायची आणि तीत तारेच्या जाडीच्या तिप्पट मिळवायचे, म्हणजे माप बरोबर येतं. चांदी 962 अंश सेल्सिअसला वितळते, पण सोनार थर्मामीटर लावत नाही, तो रंग बघतो. म्हणून शेगडीजवळचा कोपरा मुद्दाम अंधारा ठेवलेला असतो. भर उजेडात धातूची लाली कळतच नाही. भोकं पाडलेल्या पोलादी पट्टीतून तार ओढली, की प्रत्येक वेळी ती बारीक होते आणि ताठरही होते. मग तापवून पुन्हा मऊ करायची, पुन्हा ओढायची. सांध्याला टाकणखार लावून डाग द्यायचा, म्हणजे लवकर वितळणारा धातू वितळवून सांधा जोडायचा. हे झाळणं लेकीनं जवळून बघावं, पण ज्योत सोनाराच्याच हातात असू द्या.

इथं मी कडक बोलणार आहे. डाग कॅडमियमचा आहे का, हे आधी विचारा. 'केडीएम' म्हणून जे सोनं वर्षानुवर्षं विकलं गेलं, त्यातलं कॅडमियम हेच. त्याच्या वाफेनं कारागिरांची फुप्फुसं आणि मूत्रपिंडं खराब होतात. ते वापरत असतील, तर मुलीला त्या खोलीत बसवू नका. तेजाबाच्या भांड्यापासून लांब राहायचं, केस बांधायचे आणि कपडे सुती घालायचे; ओढणी नको.

मागच्या खोलीत कदाचित बंगाली कारागीर भेटेल. अनेक पेढ्यांवर आता तेच बसतात. "आम्हाला अस्सल कोकणी माणूस हवा होता" असं कृपा करून म्हणू नका. आपल्या नथी आणि बुगड्या आज त्यांच्या बोटांनी घडतात आणि त्यांच्यासारखा बारीक हात मिळणं कठीण. त्यांच्याशी हिंदीत बोला, त्यांचं गाव विचारा. लेकीला दागिन्याइतकंच तेही शिकायला मिळेल.

पैशांचं पहिल्या फोनवरच बोलून घ्या. तुम्हाला शिकवताना कारागिराची दिवसाची मजुरी बुडते, ती पूर्ण द्यायची. धातू आणि मण्यांचे पैसे वेगळे. "आम्ही एक दागिना विकत घेतो, शिकवणं फुकट करा" अशी घासाघीस मला अजिबात आवडत नाही. शिकवणं हेच तर तुम्ही घ्यायला आलात. समुद्रकाठच्या काही हॉटेलांत तासाभराचे वर्ग असतात, तिथं तयार भाग गोंदानं चिकटवून नथ हातात देतात. लहान मुलांची दुपार त्यात बरी जाते. तुमच्या लेकीची भूक त्यानं भागायची नाही.

प्रश्न : आजीची बोरमाळ तुटली. दोन मणी चेपलेत आणि एकाच्या भोकातून आत तांबूस-काळं काहीतरी दिसतं. सोन्यात भेसळ असेल का? अशी माळ मी स्वतः ओवायला शिकू शकेन का?
– एक वाचक, चिपळूण

भेसळ नाही हो, ती लाख आहे. बोरमाळेचे मणी पातळ पत्र्याचे, आतून पोकळ. ते चेपू नयेत म्हणून आत लाख भरायची जुनी पद्धत आहे. मोडीत घालताना लाखेचं वजन वजा होतं, म्हणून काट्यावर माळ जेवढी दिसते तेवढं सोनं त्यात नसतं. आजीला कुणी फसवलं असा संशय मनात ठेवू नका.

लाख उष्णतेनं मऊ होते. तेव्हा गरम पाण्यात धुणं, उकळणं, स्वतः तापवून चेप काढणं, यातलं काहीही करू नका. चेपलेले मणी जाणत्या सोनारालाच दाखवा आणि लाखेचे आहेत हे आधी सांगा. त्याच फेरीत भोकांच्या कडा बघायला सांगा. झिजून धारदार झालेली कड नवा दोरा परत कापते, आणि माळ बहुधा त्यामुळेच तुटली असेल.

ओवायला जरूर शिका, आधी पितळेच्या मण्यांवर. मग आजीची माळ तुमच्याच हातून ओवली जाऊ दे, मला फार आनंद होईल. मणी काठाच्या ताटात कापडावर मांडा, मोठे मध्ये आणि लहान कडेला. मोजून ठेवा, फोटो काढा. जुना दोरा टाकू नका, लांबीचं माप त्याच्यावरूनच मिळतं.

प्रश्न : आम्ही मे महिन्यात तारकर्लीला जाणार आहोत. मुलाला किनाऱ्यावरचे शिंपले, पोवळी आणि रानातल्या गुंजा गोळा करून दागिने करायचेत. काही खास अवजारं आणावी लागतील का?
– एक वाचक, पुणे

अवजारं राहू द्या, आधी हे वाचा. पोवळ्याला हात लावायचा नाही. खडकाळ प्रवाळ आणि शंख-शिंपल्यांच्या कितीतरी जाती 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली येतात, आणि मालवणचा समुद्र 1987 पासून सागरी अभयारण्य आहे. रिकामा वाटणारा शंखही पुष्कळदा रिकामा नसतो, आत खेकडा राहत असतो. मुलाला ते दाखवा, शंख तिथंच ठेवू दे.

गुंजांना तर साफ नाही. सोनारांनी पिढ्यान्‌पिढ्या गुंजांवर सोनं तोललं, आठ गुंजांचा मासा आणि बारा माशांचा तोळा. पण अख्ख्या गुंजेचं कवच टणक असतं म्हणून ती हाताळता येते. भोक पाडलं की आतला विषारी भाग उघडा पडतो, आणि ते विष जिवावर बेतणारं आहे. धाग्यात ओवलेल्या गुंजा पोराच्या हातात नकोत, तोंडाजवळ तर नकोतच.

त्याला नारळाची करवंटी द्या. मागाल त्या घरी फुकट मिळेल. आकार पेन्सिलीनं काढायचा, कानातल्याच्या कडीसाठी भोक पाडायचं, मग बारीक करवतीनं कापायचं. हा क्रम बदलू नका, कारण कापलेल्या छोट्या तुकड्याला नंतर भोक पाडायला गेलं की कड फुटते. करवत तुम्ही धरा, घासायचं काम त्याला द्या. आधी जाड पॉलिशपेपर, मग बारीक, आणि शेवटी खोबरेल तेलाचं बोट. भुसा फार उडतो, म्हणून तोंडाला रुमाल बांधून अंगणात बसा.