दुसऱ्याच्या सिनेमावर सिनेमा काढायचाय म्हणते लेक

ताई, पत्र वाचलं. लेक बीएच्या दुसऱ्या वर्षाला आहे, तिला दिग्दर्शकांच्या कामावर डॉक्युमेंटरी करायच्यात, आणि तुम्हाला काळजी की हे काम तरी आहे का आणि यात पोट भरतं का.

काम आहे, आणि फार चिकाटीचं आहे. जर्मन दिग्दर्शक वेर्नर हेरझॉग आपल्या सिनेमासाठी पेरूच्या जंगलात खरीखुरी आगबोट डोंगरावरून ओढत होता तेव्हा डॉक्युमेंटरी करणारा लेस ब्लँक कॅमेरा घेऊन तिथेच होता, त्यातून १९८२ ला 'बर्डन ऑफ ड्रीम्स' ही डॉक्युमेंटरी आली. एलेनॉर कपोलांनी नवऱ्याच्या, म्हणजे दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड कपोलाच्या, 'अपोकॅलिप्स नाऊ' सिनेमाचं शूटिंग फिलिपिन्समध्ये १९७६-७७ ला टिपलं, नवऱ्याचं बोलणंही रेकॉर्ड करून ठेवलं, पण त्यावरची डॉक्युमेंटरी 'हार्ट्स ऑफ डार्कनेस' बघायला मिळाली १९९१ ला, तीही फॅक्स बार आणि जॉर्ज हिकनलूपर यांनी नव्या मुलाखती घेऊन ते फुटेज जुळवलं तेव्हा. म्हणजे एवढी वर्षं ते फुटेज कुणीतरी नीट सांभाळलं म्हणूनच फिल्म झाली, हे लेकीला आवर्जून सांगा.

पैशाचं सरळच सांगतो, सुरुवातीला फक्त यावर घर चालणार नाही. बहुतेक जण मेकिंगचे व्हिडिओ, एडिटिंग, आर्काइव्हमधलं रिसर्चचं काम करत करत आपली फिल्म हळूहळू पुढे नेत असतात. म्हणून एडिटिंग तिला पक्कं यायलाच हवं, ते काम कायम मिळतं आणि या प्रकारची फिल्म घडते पण एडिट टेबलवरच.

दुसरं म्हणजे हक्क. जुन्या सिनेमातली अर्ध्या मिनिटाची क्लिप घ्यायची तरी हक्क कुणाकडे आहेत ते शोधा, लेखी परवानगी घ्या, गाणं असेल तर त्याची बहुतेक वेळा वेगळी, आणि बजेटचा मोठा तुकडा इथेच जातो. मुलं हे शेवटी बघू म्हणतात आणि तयार फिल्म अडकून पडते.

आवडता दिग्दर्शक असणं पुरत नाही हो, त्याला विचारायला स्वतःचा प्रश्न लागतो. फॅन असलं की माणूस नुसतं कौतुक शूट करून येतो.

तर कोर्सची फी भरायच्या आधी एक करू द्या. शॉर्टफिल्म करणारं कुणीतरी ओळखीचं गाठून, परवानगी घेऊन, त्यांच्या सेटवर दोन-तीन दिवस गप बसून शूट करायचं, मग त्यांच्या एकाच सीनवर आठ-दहा मिनिटांची फिल्म कापायची, तो सीन तसाच का घेतला एवढंच त्यात. झाली की मला पाठवा, एडिटिंगचा कोर्स की दिग्दर्शनाचा, ते ती बघून ठरवू.