आधी सांगा, जमीन कोण देणार?

मागच्या अंकात सीझरचा नुसता ओझरता उल्लेख केला होता, की इ.स.पू. 49 च्या जानेवारीत तो एक लीजन, म्हणजे रोमन सैन्याची मोठी तुकडी, घेऊन रुबिकॉन नावाची छोटीशी नदी ओलांडून इटलीत शिरला आणि यादवी पेटली, बस एवढंच. त्यावर इतके प्रश्न आले की यावेळचा सगळा कॉलम त्यातच गेला. सारखेच प्रश्न एकत्र केलेत, तुमचा शब्दशः नसेल तर रागावू नका.

प्रश्न: सीझर महत्त्वाकांक्षी होता, मान्य. पण त्याच्यासोबतचे हजारो साधे सैनिक स्वतःच्याच राजधानीवर चालून जायला तयार कसे झाले? कुणालाच काही वाटलं नाही का?

उत्तर: वाटलं ना, पण कुणाला वाटलं ते बघा. सगळे सीझर सीझर करतात, पण हा कित्ता त्याच्या 39 वर्षं आधी सुल्ला नावाच्या रोमन सेनापतीनं घालून ठेवला होता, म्हणून आधी तिकडे जाऊ.

पूर्वीचा रोमन सैनिक म्हणजे जमीन असलेला शेतकरी, लढाई आली की जायचं, संपली की परत नांगराला. पण स्पेन, ग्रीस, आफ्रिका अशा लांबलांबच्या मोहिमा वर्षानुवर्षं चालायला लागल्यावर हे गणित बिघडलं, आणि इ.स.पू. 107 मध्ये मारियस नावाच्या सेनापतीनं आफ्रिकेतल्या जुगुर्थाविरुद्धच्या युद्धासाठी ज्यांच्याकडे काहीच नाही अशा लोकांना सरळ भरती करून घेतलं. पुस्तकांत याला मोठी सुधारणा वगैरे म्हणतात, हल्लीचे बरेच अभ्यासक म्हणतात की तसं एका फटक्यात काही बदललं नाही, मालमत्तेची अट आधीपासूनच खाली येत होती आणि सक्तीची भरती नंतरही चालूच होती. मलाही ते पटतं. पण मुद्दा वेगळाच आहे. ज्याला शेतच नाही तो सैनिक सुटल्यावर जाणार कुठे? सरकारकडून पेन्शन नाही, फंड नाही, नियम नाही. जमीन मिळाली तर ती आपल्या सेनापतीनं रोममध्ये वजन वापरून कायदा करून घेतला तरच. मारियसच्या लोकांना इ.स.पू. 103 मध्ये अशीच आफ्रिकेत जमीन मिळाली, तीही एका ट्रिब्यूनशी, म्हणजे जनतेनं निवडलेल्या प्रतिनिधीशी, संधान बांधून. मग सैनिकाचे डोळे सिनेटकडे, म्हणजे रोमच्या थोरामोठ्यांच्या सभेकडे, लागणार की सेनापतीकडे?

आता नोला. इ.स.पू. 88, दक्षिण इटलीतलं हे गाव, तिथे सुल्ला सहा लीजन घेऊन होता. पूर्वेकडे मिथ्रिडेटीस राजावर स्वारी करायचं काम कॉन्सल, म्हणजे वर्षापुरता निवडलेला सर्वोच्च अधिकारी, म्हणून त्याला मिळालं होतं, आणि पूर्व म्हणजे सोनंनाणं, सैनिक आधीच मनात लुटीचे हिशोब करत बसलेले. तेवढ्यात रोममध्ये सुल्पिसियस नावाच्या ट्रिब्यूननं ठराव करून हे काम सुल्लाकडून काढलं आणि सत्तरीला टेकलेल्या मारियसला दिलं. सुल्लानं सैन्याची सभा घेतली आणि आपला कसा अपमान झाला ते सांगितलं, रोमवर चला असं तो उघड बोललाच नाही, सैनिकच म्हणाले की ने आम्हाला रोमला. त्यांना भीती एवढीच की मारियस दुसरे लोक भरती करून घेऊन जाईल आणि आपण इथेच राहू. मारियसचे अधिकारी सैन्याचा ताबा घ्यायला आले तर त्यांना दगडांनी ठेचून मारलं. आणि तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर इथे आहे: सुल्लाचे वरचे अधिकारी, म्हणजे घराणेदार मंडळी, एक क्वेस्टर (पैशांचा हिशोब बघणारा अधिकारी) सोडला तर सगळेच्या सगळे त्याला सोडून रोमला निघून गेले. लाज त्यांना वाटली, त्यांच्या घरी जमिनी होत्या. साधे शिपाई एकूणएक सोबत राहिले. शहरात शिरल्यावर लोकांनी छपरांवरून दगड, कौलं जे हाताला येईल ते फेकलं तेव्हा सुल्लानं घरं पेटवायची धमकी दिली, मग सगळं थंड.

प्रश्न: यादवीत सीझरच्या विरुद्ध उभा राहिलेल्या पाँपीकडे तर सीझरपेक्षा मोठं सैन्य होतं आणि तोही पूर्वेकडून जिंकून आला होता. त्यानं का नाही रोम घेतलं?

उत्तर: रोमला हाच धसका होता. इ.स.पू. 62 च्या शेवटी तो ब्रुंडिसियम बंदरात उतरला आणि त्यानं काय केलं, तर सैन्याला सांगितलं जा घरी, विजयाच्या मिरवणुकीला या परत. सगळे चाट पडले. आणि सिनेटनं या भलेपणाचं बक्षीस काय दिलं? जमिनीचा विषय दोन-अडीच वर्षं नुसता लोंबकळत ठेवला, केटो नावाचा सिनेटर त्यात सगळ्यात पुढे. वैतागून पाँपी शेवटी सीझरला जाऊन मिळाला, आणि इ.स.पू. 59 मध्ये सीझर कॉन्सल झाल्यावर जमिनीचा कायदा पास झाला, तोही कसा, पाँपीच्या जुन्या सैनिकांनी चौक भरून टाकला होता आणि विरोध करायला आलेला दुसरा कॉन्सल बिब्युलस, त्याच्या डोक्यावर शेणाची पाटी ओतली. सरळ मार्गानं मागितलं तर मिळत नाही हे सिनेटनंच शिकवलं असं माझं स्पष्ट मत आहे, भले केटोचे चाहते मला शिव्या घालोत.

प्रश्न: तुम्ही सगळं पैशावर आणि जमिनीवर नेऊन ठेवता. आमच्या घरात दोन पिढ्या आर्मीत होत्या, माणूस फक्त पगारासाठी मरत नाही. सीझरवर त्याच्या लोकांचं प्रेम होतं की नाही?

उत्तर: होतं. आणि तुमचं म्हणणं बरोबर आहे, मी जरा एकांगी लिहितोय. इ.स.पू. 48 मध्ये फार्सालसला, सीझर आणि पाँपीच्या मोठ्या लढाईत, क्रास्टिनस नावाचा निवृत्त झालेला सेंच्युरियन, म्हणजे तुकडीचा नायक, परत आला होता, लढाईच्या आधी सीझरला म्हणाला की आज जिवंत राहीन किंवा मरेन, पण तू माझे आभार मानशील असं काहीतरी करून दाखवतो, आणि पहिल्या धडकेत घुसला, तोंडावर तलवार लागून मेला. त्याला कुठली जमीन हवी होती?

पण सीझरलाही प्रेम एके प्रेम पुरेल असं वाटत नव्हतं. त्यानं पगार दुप्पट केला होता. आणि यादवीच्या पहिल्याच वर्षी, स्पेनच्या मोहिमेवेळी, त्यानं एक आयडिया केली जी तो स्वतःच लिहून गेलाय: स्वतःच्या अधिकाऱ्यांकडून आणि सेंच्युरियनांकडून उसने पैसे घेतले आणि ते सैनिकांत वाटून टाकले. सैनिक खूश, आणि सेंच्युरियन पळून जाणार कुठे, त्यांचे पैसे अडकले! एका दगडात दोन पक्षी मारल्याचं तो लपवत पण नाही, वर लिहून ठेवतो.

तरी इ.स.पू. 47 मध्ये त्याचेच जुने लोक बिघडले, लाडकं दहावं लीजनसुद्धा. फार्सालस होऊन वर्ष झालं, कबूल केलेलं बक्षीस कुठाय, आम्हाला सोडा. समजवायला गेलेला सॅलस्ट, हाच तो पुढे इतिहासकार झाला, कसाबसा जीव वाचवून पळाला. मग ते थेट रोमलाच आले. सीझर एकटाच त्यांच्यासमोर गेला, म्हणाला काय हवंय, ते म्हणाले सोडा आम्हाला. त्यांना वाटलं आफ्रिकेची मोहीम समोर आहे, म्हणजे हा गयावया करेल आणि वाढवून देईल. सीझर म्हणाला, सोडलं. आणि त्यांना हाक मारली ती 'क्विरीटीस' म्हणून, म्हणजे 'नागरिकहो'. रोज 'गड्यांनो' म्हणणारा माणूस एकदम अहो-जाहो करायला लागला की कसं पोटात गोळा येतो, तसं झालं. तुमचे पैसे देईन, म्हणाला, दुसऱ्यांना घेऊन जिंकून आलो की. लगेच ओरडायला लागले की आम्ही सैनिकच आहोत, आम्हाला ने. आता हे प्रेम होतं का, का हातची मोहीम आणि तिची लूट जाईल म्हणून घाबरले, सांगा तुम्हीच. मला दोन्ही वाटतं.

प्रश्न: सीझर सम्राट होता ना?

उत्तर: नाही. डिक्टेटर, शेवटी तहहयात. सम्राट म्हणतो आपण ते ऑगस्टसपासून.

प्रश्न: त्या ऑगस्टसबद्दलच. सीझरचा खून झाला तेव्हा हा अठरा वर्षांचा पोरगा, लढाईचा अनुभव शून्य. सीझरचा सेनापती अँटनी याच्यासारख्या कसलेल्या माणसासमोर त्याला सैन्य मिळालंच कसं?

उत्तर: नावामुळे आणि रोख पैशामुळे. मृत्युपत्रात सीझरनं त्याला दत्तक घेतलं होतं, त्यामुळे तो (तेव्हा आपण ऑक्टेव्हियन म्हणतो) एका रात्रीत सीझर झाला. इ.स.पू. 44 च्या शरद ऋतूत तो कांपानियात गेला, तिथे सीझरचे जुने सैनिक जमिनी घेऊन स्थायिक झाले होते, आणि माणशी 500 डेनारियस (चांदीची नाणी) वाटले. वर्षाचा पगार तेव्हा 225, म्हणजे दोन वर्षांहून जास्तीचा पगार एकरकमी हातात. त्याच सुमारास ब्रुंडिसियमला अँटनी आपल्या लीजनना 100 देऊ करत होता. सैनिक त्याच्या तोंडावर हसले. तो भडकला, सेंच्युरियन निवडून निवडून ठार मारले, आणि मग त्यातली दोन लीजन सरळ पोराकडे निघून गेली. 

पुढच्या वर्षी पोराला कॉन्सल करा म्हणून सैन्यानं सिनेटकडे माणसं पाठवली. सिनेट का कू करायला लागल्यावर कॉर्नेलियस नावाच्या सेंच्युरियननं अंगावरचं वस्त्र मागे सारलं, तलवारीची मूठ दाखवली आणि म्हणाला, तुम्ही नाही केलं तर ही करेल. पोरगा विसाव्या वर्षाच्या आतच कॉन्सल झाला.

प्रश्न: एवढ्या सैनिकांना जमीन दिली म्हणता, ती आली कुठून?

उत्तर: कुणाच्या तरी पायाखालून. इ.स.पू. 42 ला फिलिप्पीच्या लढाईत सीझरचे मारेकरी ब्रूटस आणि कॅसियस संपले, त्याच्या आधीच इटलीतली 18 भरभराटीची गावं सैनिकांना कबूल करून झाली होती. मालकांचा गुन्हा काय, जमीन चांगली होती. व्हर्जिलच्या पहिल्याच गोपगीतात शेळ्या हाकत देशोधडीला निघालेला मेलिबीयस भेटतो, तो याच काळातला.

यावरून पुन्हा भडका उडाला, अँटनीचा भाऊ लुसियस पेरुसियात, म्हणजे आजच्या पेरुजात, वेढ्यात अडकला. तिथे गोफणीच्या शिशाच्या गोळ्या सापडल्यात आणि त्यांवर मजकूर आहे. लुसियसला टकल्या म्हटलंय, त्याची वहिनी फुल्व्हिया आणि ऑक्टेव्हियन यांच्याबद्दल जे लिहिलंय ते या मासिकात छापता येणार नाही. उपाशी माणसांनी आणि त्यांना उपाशी मारणाऱ्यांनी, शिसं ओतताना वेळ काढून एकमेकांना घाण शिव्या कोरल्यात!

प्रश्न: मग हे थांबलं कधी?

उत्तर: इ.स.पू. 31 ला अ‍ॅक्टियमची लढाई झाली, अँटनी हरला, ऑक्टेव्हियनला प्रतिस्पर्धी उरला नाही. पण माझ्या लेखी ते खरं थांबलं इ.स. 6 मध्ये, ऑगस्टसनं लष्करी खजिना काढला तेव्हा. स्वतःचे 17 कोटी सेस्टर्स (रोमन नाणी) टाकले, वारसाहक्कावर 5 टक्के कर बसवला (श्रीमंतांनी जाम बोंब मारली), आणि सेवा पूर्ण केलेल्या लीजनच्या सैनिकाला 3,000 डेनारियस असा ठरलेला दर. मारियसच्या भरतीपासून मोजलं तर 112 वर्षं लागली.

प्रश्न: शेवटचा आणि साधा प्रश्न. दोन्हीकडे रोमनच. समोर गाववाला दिसला तर काय करायचे?

उत्तर: गप्पा मारायचे. इ.स.पू. 49 मध्ये स्पेनमध्ये इलेर्डाजवळ दोन्ही छावण्या अगदी लागून होत्या, पाँपीचे सेनापती अफ्रानियस आणि पेट्रेयस जरा बाजूला गेलेले, तर सैनिक बाहेर येऊन विचारायला लागले की अरे आमच्या गावचा अमुक आहे का तुमच्यात, आणि बघता बघता एकमेकांच्या छावण्यांत जाऊन बसले. पेट्रेयसला कळल्यावर त्यानं आपल्या छावणीत सापडलेले सीझरचे लोक कापून काढले, काहींना तिथल्याच सैनिकांनी तंबूत लपवून रात्री गुपचूप बाहेर काढलं. सीझरनं स्वतःकडचे पाहुणे सुखरूप परत पाठवले, निदान तो स्वतः तरी असं लिहितो, आणि स्वतःबद्दल वाईट लिहायची त्याला सवय नव्हती.

थोड्याच दिवसांत पाणी आणि चारा तोडल्यावर त्या सैन्यानं शरणागती पत्करली. अफ्रानियस आणि पेट्रेयसच्या मागे त्यांचीच लीजन पगारासाठी लागली, जवळपास बंडच, आणि हे दोघं म्हणतायत की पगाराची तारीख अजून आलेली नाही. शेवटी दोन्ही बाजू निवाड्यासाठी कुणाकडे गेल्या, तर सीझरकडे. त्यानं निकाल दिला, आणि तो दोघांनीही मान्य केला.