नादशाळेचं पहिलं वर्ष

चि. मुलीस,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या गोष्टीची तिन्ही प्रकरणं परवा रात्री एका बैठकीत वाचून काढली. येऊरच्या जंगलात दडलेली नादविद्येची शाळा ही कल्पना मला मनापासून आवडली. आपल्या ठाण्यात अशी शाळा खरंच असावी, असं वाटत राहिलं. म्हणून सविस्तर लिहिते आहे, जिन्यात उभ्या उभ्या बोलून हे भागणार नाही.

तुझी मुलं पहिल्याच दिवशी मंत्र म्हणतात आणि दगड फुटतो. तिथे मी अडले. आठवतंय का, दिवाळीत आपण स्टीलच्या वाडग्यावर फुगा कापून ताणून बसवला होता आणि वर चिमूटभर रवा पसरला होता? तू आधी जोरात ओरडलीस, तेव्हा रवा जेमतेम हलला. मग तू 'आ' लावून सूर हळूहळू वर नेत गेलीस. एका जागी, आवाज फारसा मोठा नसतानाही, रवा टणाटण उडायला लागला आणि सरकत सरकत एक गोल रेघ धरून बसला. सूर केसभर चढला आणि सगळं पुन्हा गप्प. जर्मनीतल्या क्लाड्नी नावाच्या शास्त्रज्ञाने धातूच्या पत्र्यावर वाळू टाकून, कडेवर व्हायोलिनचा गज फिरवून अशाच आकृत्या काढल्या आणि 1787 साली छापल्या.

प्रत्येक वस्तूचा आपला एक सूर असतो. तो सापडला तर ती साथ देते, नाही सापडला तर कितीही घसा ताणा. काचेचा पेला आवाजाने फोडायचा तर आधी त्याला टिचकी मारून तो कुठे वाजतो ते ऐकावं लागतं. मग तुझ्या जादूगाराची पहिली विद्या कोणती? ऐकण्याचीच ना? माझं म्हणणं एवढंच आहे की शाळेचं पहिलं वर्ष ऐकण्यात जाऊ दे. एकाही मुलाला एकही मंत्र देऊ नकोस.

मी गाणं शिकायला गेले तेव्हा बाईंनी मला वर्षभर तानपुराच लावायला बसवलं होतं. माझ्या मैत्रिणी राग गात होत्या आणि मी खुंट्या पिळत होते. फार राग यायचा, एकदोनदा रडलेही. एका संध्याकाळी खर्जाची, म्हणजे खालच्या 'सा'ची, तार छेडली आणि तिच्यातून गंधार, म्हणजे 'ग', ऐकू आला. गंधाराला लावलेली तार तानपुऱ्याला नसतेच. तारेच्या मूळ कंपनाच्या पाचपट वेगाचं कंपन तिच्यातच चालू असतं, तो हा स्वयंभू गंधार. आदल्या दिवशीही तो तिथेच होता, माझा कान तयार नव्हता. अंगावर काटा आला होता माझ्या. तुझ्या नायिकेच्या वाट्याला असा एक क्षण आला, की दगड फुटण्याचा प्रसंग कोणी मागणार नाही.

मंत्रांची भाषाही बदल. ते परदेशी वाटणारे शब्द कशाला? तेराव्या शतकात शार्ङ्गदेव आपल्याच देवगिरीला, यादवांच्या दरबारी, 'संगीतरत्नाकर' हा संगीतावरचा ग्रंथ लिहीत होता. 'नाद' शब्दातला न म्हणजे प्राण आणि द म्हणजे अग्नी, असं त्यात सांगितलं आहे. आघाताने उमटणारा तो आहत आणि आघाताशिवाय असणारा तो अनाहत. या दोन शब्दांवर तुझ्या शाळेचे दोन वर्ग उभे राहतील.

एक चूक मात्र दुरुस्त करच. येऊरच्या टेकडीवर लावलेला सूर तलावपाळीला क्षणात पोचतो, असं तू लिहिलं आहेस. आवाज हवेतून सेकंदाला साधारण 343 मीटर जातो, म्हणजे किलोमीटरला जवळजवळ तीन सेकंद. वीज चमकल्यावर गडगडाटापर्यंत आपण आकडे मोजतो, तेच हे. सूर सुटला आहे पण अजून पोचलेला नाही, त्या सेकंदांत किती काय घडवता येईल!

आणि आपला पाऊस कुठे आहे गोष्टीत? सर्द हवेत तबल्याचं चामडं सैल पडतं, सूर उतरतो. तबल्याच्या शाईमुळेच, म्हणजे मधल्या काळ्या ठिपक्यामुळेच, त्याचे वरचे सूर एकमेकांशी जुळतात, हे शास्त्रज्ञ सी. व्ही. रामन यांनी 1920 साली दाखवलं. आषाढात शाळेतलं प्रत्येक वाद्य उतरलेलं आहे आणि नेमका तेव्हाच शत्रू आला, तर?

शाळेची स्थापना तू 'हजारो वर्षांपूर्वी' म्हणून मोकळी झालीस. मी 1853 धरेन. त्या वर्षी 16 एप्रिलला बोरीबंदरहून निघालेली आगगाडी ठाण्याला आली. रुळांची तसली थरथर या मातीला नवीनच होती. टेकडीवर कोणीतरी जमिनीला हात लावून ती ओळखली असेल आणि तिथेच थांबलं असेल.

आता तुझ्या मुख्य गुरूंबद्दल. त्यांना सगळं ऐकू येतं, असं तू दाखवलं आहेस. तसं ठेवू नकोस. माणसाचा कान तरुणपणी सेकंदाला वीस हजार कंपनांपर्यंत ऐकतो, वय वाढलं की वरचे सूर आधी जातात. तुला ऐकू येणारी बारीक शीळ मला आज येत नाही. म्हातारा गुरू आणि त्याला न ऐकू येणारा सूर ऐकणारी शिष्या, असं करून बघ. त्याने तिच्यावर विश्वास ठेवायचा की नाही, इथे तुझं चौथं प्रकरण आहे.

रविवारी सकाळी ये. तानपुऱ्याची जवारी, म्हणजे तारेचा झणझणता घुमारा, दोन दिवस दमवते आहे. तारा टेकतात त्या घोडीवरचं सूत मी सरकवत जाईन. तार कुठे बोलायला लागते, ते तू सांग.

तुझी,
चौथ्या मजल्यावरची काकू