आर मायनस आला की बिंदू टाकायचा कुठे?

प्रश्न: सर, पोलर कोऑर्डिनेट्स (बिंदूची जागा मधल्या बिंदूपासूनचं अंतर आर आणि कोन थीटा यांनी सांगायची पद्धत) नुकतेच चालू केलेत आणि पहिल्याच गणिताला अडकलोय. बिंदू दिलाय (−४, ३०°). मायनस दिसला म्हणून मी कोन उलटा घेतला, −३०° वर रेघ मारून चार घरं मोजली. पुस्तकामागे उत्तर आहे (४, २१०°) आणि मैत्रिणीचं आलंय (४, −१५०°). बरोबर कोणाचं? आणि मुळात अंतर मायनस असतंच कसं?

उत्तर: पुस्तक बरोबर, मैत्रीणही बरोबर, चुकलास तू एकटाच. मायनस होता आरचा आणि तू तो चिकटवलास कोनाला.

लिहिताना आर आधी येतो ना, तिथेच सगळा घोळ होतो. बिंदू टाकताना मात्र आधी कोन बघायचा. समज तू मधल्या बिंदूवर, म्हणजे पोलवर, उजवीकडे तोंड करून उभा आहेस, आता घड्याळाच्या उलट दिशेने ३०° वळ आणि थांब. आर +४ असता तर चार पावलं पुढे गेला असतास, −४ आहे म्हणून तोंड न फिरवता चार पावलं मागे जायचं, बस. पोचलास तिसऱ्या चरणात, आणि २१०° वळून सरळ चार पावलं गेलास तरी तिथेच येणार, उलट्या बाजूने १५०° वळलास तरी तिथेच. म्हणजे आर हे नुसतं अंतर नाही, त्यात पुढे की मागे हेही आलं. एक्स-वायमध्ये एका बिंदूला एकच नाव असतं, इथे हवी तेवढी, (−४, ३९०°) पण तोच. पोलला तर आर ० असला की कोन कुठलाही चालतो.

ताळा करायचा तर एक्स म्हणजे आर कॉस थीटा, वाय म्हणजे आर साइन थीटा. दोन्हीकडून साधारण (−३.४६, −२) येतं. आता यावरून कॅल्क्युलेटरने वाय भागिले एक्सचा टॅन इन्व्हर्स घेऊन परत कोन काढलास तर तो ३०° दाखवेल, कारण भागाकारात दोन्ही मायनस उडून जातात आणि चरण कुठला हे त्याला कळतच नाही. तिथे (४, ३०°) लिहून मोकळं व्हायचं नाही, आधी एक्स-वायची चिन्हं (प्लस की मायनस) बघून १८०° मिळवायचे.

हा मायनस नीट कळला की पुढे मजा आहे. आर = कॉस २थीटाचा आलेख काढलास तर फुलासारख्या चार पाकळ्या येतात आणि आर = कॉस ३थीटाला तीनच, मला स्वतःला हे बरेच दिवस उलटंच वाटायचं. पहिल्यात ९०° ला आर −१ येतो, बिंदू जातो २७०° ला, तिथे जागा रिकामी असते म्हणून नवी पाकळी उमटते. दुसऱ्यात ६०° ला आर −१, बिंदू जातो २४०° ला, आणि पुढे २४०° ला आर +१ येऊन तीच पाकळी परत गिरवली जाते.