बायोप्सीत ‘निश्चित निदान शक्य नाही’ आलं, आता पुढे काय?

आईंच्या मानेतल्या गाठीची ट्रूकट बायोप्सी (जाड सुईने तुकडा काढून तपासणी) झाली, रिपोर्टात निश्चित निदान नाही, आणि तुम्ही विचारताय की कॅन्सर लपलाय का, पुन्हा सुई लावायची का, सोलापूर सोडून पुण्या-मुंबईला न्यायचं का.

या रिपोर्टवरून कॅन्सर आहे असं ठरत नाही आणि नाही असंही ठरत नाही. घरातले बहुतेक जण पहिलं अर्धंच ऐकतात आणि महिनोन्‌महिने गाठीवर लेप लावत बसतात. मला जास्त भीती त्याची वाटते.

रिपोर्ट परत काढा. शेवटची ‘इम्प्रेशन’ची ओळ सगळे वाचतात, पण कारण वरच्या भागात असतं. ‘ग्रॉस’मध्ये किती तुकडे आले आणि केवढे, ते लिहिलेलं असतं. एखाद-दुसरा मिलिमीटरभराचा तुकडा असेल तर नमुनाच कमी पडला. ‘क्रश आर्टिफॅक्ट’ म्हणजे पेशी चेपल्या गेल्या. ‘नेक्रोसिस’ म्हणजे सुई गाठीच्या मेलेल्या भागात गेली. या तिन्हींत नमुना पुन्हा घ्यावाच लागतो, त्याच काचेकडे (स्लाइडकडे) कितीही वेळा बघून उपयोग नाही. मात्र ‘आयएचसी सुचवले आहे’ (पेशींवरची प्रथिनं रंगवून पेशी कोणत्या ते ओळखण्याची तपासणी) असं असेल तर लगेच सुई नको. नमुना ज्यात बसवलेला असतो त्याच मेणाच्या ब्लॉकमधून नवे काप काढून ती तपासणी होते, फक्त ब्लॉकमध्ये पुरेसं टिश्यू उरलंय का ते लॅबला विचारा.

पुन्हा नमुना घ्यायचा ठरला तर मानेतल्या गाठीसाठी सर्जनला एकच विचारा: अख्खी गाठ काढता येईल का? लिम्फोमा, म्हणजे लसिका ग्रंथींचा कॅन्सर, ओळखायला गाठीची रचना बघावी लागते, सुईच्या दोऱ्याएवढ्या तुकड्यात ती नेहमी कळत नाही. आपल्याकडे अशा गाठीत टीबीचाही संशय असतोच. म्हणून नमुन्याचे दोन भाग करायला आधीच सांगा, एक फॉर्मेलिनमध्ये (टिश्यू टिकवणारं रसायन) आणि दुसरा साध्या निर्जंतुक सलाइनमध्ये, सीबी-नॅट (टीबीची जलद तपासणी) व कल्चरसाठी (जंतू वाढवून बघणं). सगळाच तुकडा फॉर्मेलिनमध्ये गेला की जंतू मरतात आणि कल्चर होत नाही. ही चूक ऑपरेशन टेबलाशी होते, नंतर दुरुस्त होत नाही. कल्चरचा रिपोर्ट यायला ६ आठवडेही लागतात, ती वाट धरूनच चाला.

रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल तर डॉक्टरांना सांगा, स्वतःहून बंद करू नका. आणि निदान होईपर्यंत ‘सूज उतरेल’ म्हणून कुणी स्टेरॉइड देत असेल तर बायोप्सी करणाऱ्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय घेऊ नका. त्याने लिम्फोमाची गाठ तात्पुरती विरते आणि पुढची बायोप्सीही अर्धवट येते. सुई लावल्याने कॅन्सर पसरतो ही भीती मात्र सोडा; त्यापायी निदान लांबवणं परवडणारं नाही.

आईंना घेऊन लगेच मुंबई गाठायची गरज नाही. आधी स्लाइड आणि ब्लॉक दुसऱ्या पॅथॉलॉजिस्टला दाखवा. बार्शीचं नर्गिस दत्त मेमोरियल कॅन्सर हॉस्पिटल जिल्ह्यातच आहे; तिथे किंवा परळच्या टाटात स्लाइड तपासून घ्यायची पद्धत काय, ते फोन करून विचारा. सोबत मूळ रिपोर्ट, सोनोग्राफी आणि नमुना कुठून घेतला याची डॉक्टरांची चिठ्ठी हवी. चिठ्ठीशिवाय दुसरं मत अंधारातच दिलं जातं. लॅबकडून ब्लॉक सही करून घ्या, नंबर रिपोर्टशी जुळवा. स्लाइड प्लास्टिकच्या डबीत ठेवा. उन्हाळ्यात ब्लॉक बंद गाडीच्या डॅशबोर्डवर ठेवू नका, मेण साधारण ५६ ते ६० अंशांना वितळतं आणि सोलापुरी उन्हात काचेमागचा डॅशबोर्ड मेण मऊ होण्याइतका तापतो.

वाट बघण्याचे दिवस वाईट असतात. रिपोर्ट नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकू नका, दहा जणांचे दहा सल्ले येतील. घरातल्या एकानेच डॉक्टरांशी बोलायचं, प्रश्न कागदावर लिहून न्यायचे. आईंना ‘काही नाही’ म्हणू नका, ‘तुकडा कमी पडला, परत बघायचंय’ असं जे असेल ते सांगा, त्यांना कळतंच.

श्वासाला घरघर, गिळताना अडकणं, चेहरा किंवा मान सुजणं यातलं काही दिसलं तर रिपोर्टसाठी थांबू नका, त्याच दिवशी सिव्हिल गाठा.