आईला भटका कुत्रा चावला, महापालिका म्हणते ‘कोर्टामुळे आमचे हात बांधलेत’. मग जबाबदारी कोणाची?

तुम्ही लिहिलंय की पहाटे फिरायला गेलेल्या आईच्या पोटरीला कुत्रा चावला, रक्त आलं, पहिलं इंजेक्शन झालंय आणि क्षेत्रीय कार्यालयातून ‘आम्ही कुत्री उचलू शकत नाही’ असं सांगून तुम्हाला परत पाठवलं. कायद्याचं नंतर बघू. रक्त आलं असेल तर नुसती लस पुरत नाही, जखमेत इम्युनोग्लोब्युलिनही (रेबीजविरुद्धची तयार प्रतिपिंडं) द्यावं लागतं. पहिल्या दिवशी ते राहिलं असेल तर पहिल्या डोसपासून सात दिवसांच्या आत देता येतं. त्यामुळे आजच डॉक्टरांना विचारा.

आता जबाबदारी. ती महापालिकेचीच आहे. कुत्री सरसकट पकडून गावाबाहेर सोडता येत नाहीत, मारता तर येतच नाहीत, एवढं त्यांचं म्हणणं बरोबर. पण हे ज्या प्राणी जन्म नियंत्रण नियम, २०२३ मध्ये आहे, त्याच नियमांनी निर्बीजीकरण आणि रेबीज लसीकरणाचं काम स्थानिक स्वराज्य संस्थांच्या अंगावर टाकलंय. आणि सर्वोच्च न्यायालयाचा २२ ऑगस्ट २०२५ चा आदेश काय म्हणतो? निर्बीजीकरण आणि लसीकरण करून कुत्री त्याच भागात सोडा. रेबीज झालेली, रेबीजचा संशय असलेली किंवा आक्रमक कुत्री मात्र सोडू नका. म्हणजे माणसांच्या अंगावर धावून जाणाऱ्या कुत्र्याबद्दल ‘उचलता येत नाही’ हे उत्तर कोर्टाच्या नावावर खपवता येणार नाही. ७ नोव्हेंबर २०२५ च्या आदेशाने तर शाळा, रुग्णालयं, क्रीडासंकुलं, बस आणि रेल्वे स्थानकं इथून पकडलेली कुत्री परत तिथेच सोडायलाही मनाई केली आहे.

तक्रार करण्याआधी एक काम करा. उजेडात गल्लीतल्या कुत्र्यांचे कान बघा. निर्बीजीकरण झालेल्या कुत्र्याच्या कानाला खाच पाडलेली असते, चार पावलांवरूनही कळते. तुमच्या गल्लीतल्या सात-आठ कुत्र्यांपैकी किती जणांचे कान अख्खे आहेत ते मोजा, फोटो काढा. कुत्री साधारण दोन महिन्यांत विते आणि वर्षातून दोनदा माजावर येऊ शकते. एका भागातल्या बहुतेक कुत्र्यांचं निर्बीजीकरण थोड्या काळात उरकलं नाही तर उरलेल्या दोन-तीन माद्या सगळं भरून काढतात. आज इथून दोन, पुढच्या महिन्यात तिकडून तीन अशी उचलून कागदावर आकडा वाढतो, रस्त्यावर फरक पडत नाही. मला खरा संताप याचा येतो.

आमच्या प्रभागात ॲपवरची तक्रार ‘निराकरण झाले’ असा शेरा मारून बंद व्हायची आणि कुत्री जागच्या जागी असायची. हललं ते लेखी अर्जानंतर. तुम्हीही महापालिकेच्या पशुवैद्यकीय विभागाला अर्ज द्या. त्यात चाव्याची तारीख, वेळ, जागा, कुत्र्याचा रंग, खूण आणि कानाचा फोटो द्या, आवक क्रमांकाची पोच घ्या. सोबत माहिती अधिकारात १० रुपयांचा अर्ज टाका: गेल्या वर्षभरात आमच्या प्रभागात किती कुत्र्यांचं निर्बीजीकरण आणि किती कुत्र्यांचं लसीकरण झालं, कुठून उचलली आणि कधी परत सोडली, काम कोणत्या संस्थेकडे आहे, या कामावर देखरेख ठेवणाऱ्या संनियंत्रण समितीच्या बैठका कधी झाल्या, त्यांची इतिवृत्तं द्या. ही समिती २०२३ च्या नियमांनुसारच असावी लागते. ३० दिवसांत उत्तर आलं नाही तर पहिलं अपील करा. अर्जावर गल्लीतल्या दहा-बारा जणांच्या सह्या असल्या तर फार बरं.

कचऱ्याचाही मुद्दा त्याच अर्जात घाला. रात्री चिकनच्या दुकानातली आतडी आणि पिसं डीपीच्या मागे पडत असतील तर टोळकं तिथून हलणार नाही, आणि कचरा उचलणं हेही महापालिकेचंच काम आहे.

खायला घालणाऱ्यांशी भांडत बसू नका. कोर्टाने रस्त्यावर वाटेल तिथे खायला घालायला मनाई करून प्रभागनिहाय ठरावीक जागा नेमायला सांगितलंय. जागा नेमली का, हा प्रश्न महापालिकेला विचारा. तुमच्याकडच्या त्या काकू रोज कुत्र्यांना खायला घालत असतील तर कुत्री त्यांच्या हाताशी येतात; पकडायला गाडी आली की त्यांची मदत सोन्यासारखी होते.

भरपाईचं विचारलंत. पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये कुत्र्याच्या दाताच्या प्रत्येक खुणेमागे किमान १०,००० रुपये ठरवले, पण तो निकाल तिकडचा. आपल्याकडे तो दाखला म्हणून वकील मांडू शकतो, आपोआप पैसे मिळत नाहीत. महापालिकेवर दिवाणी दावा लावायचा तर आधी एक महिन्याची लेखी नोटीस द्यावी लागते आणि मुदत घटनेपासून सहाच महिन्यांची असते. म्हणून केस पेपर, इंजेक्शनचं कार्ड, औषधांची बिलं, जखमेचे तारखेसह फोटो आणि अर्जाची पोच एकाच फाईलमध्ये लावा आणि या महिन्यातच वकिलाला दाखवा.