कामाडो ग्रिलवर बीफ रोस्टला पाउंडामागे किती मिनिटं धरायची?

दोन किलोचा बीफ रोस्ट सिरॅमिकच्या कामाडोवर, म्हणजे त्या जाड भिंतींच्या कोळशाच्या ग्रिलवर करायचाय, पाउंडामागे किती मिनिटं आणि गेल्या वेळी चिवट का झाला, असं विचारलंय तुम्ही.

पाउंडामागे मिनिटं हा हिशोब पहिला डोक्यातून काढा. आमचे साडू इतकी वर्षं हाच हिशोब सगळ्यांना शिकवत फिरतायत, म्हणून तर लिहायला बसलो.

आम्ही मूळचे वसईचे, आता कॅनडात मिसिसॉगाला. नाताळला सोरपोतेल (डुकराच्या मांसाचं) बायकोचं आणि रोस्ट माझा, हे ठरलेलं. एका नाताळला हाडासकट प्राइम रिब, म्हणजे बरगडीचा मऊ तुकडा, आणलेला, आदल्या रात्री मीठ चोळून फ्रिजमध्ये उघडाच ठेवलेला. बाहेर उणे दहाच्या आसपास थंडी, पण कामाडोला त्याचं काही नसतं, भिंती जाड असतात, एकदा तापला की मूठभर कोळशावर तासन्‌तास चालतो. डिफ्लेक्टर प्लेट (थेट आच अडवणारी) लावून २५० फॅरनहाइटवर (पुढचे आकडेही फॅरनहाइटच) छान स्थिर केला, वरचा व्हेंट, म्हणजे हवेची झडप, केसभर उघडा, खालचा बोटभर, आणि आत पाहुण्यांकडे गेलो. परत येतो तर साडूभाऊ झाकण उघडून उभे! "अरे आग कुठे दिसतेय, विझलाय तुझा." नुसतं झाकण उघडून थांबले असते तर चाललं असतं, दोन्ही व्हेंट पण सताड उघडले होते. कोळशाला हवा मिळाली की तो काय ऐकतो? काटा ४०० च्या पुढे. आणि गॅस ग्रिलसारखं बटण फिरवलं की उतरलं असं इथे नसतं, सिरॅमिक तापलं की तापलं, व्हेंट बंद केले तरी उतरायला तास जातो. मांस काढून फॉइलखाली ठेवलं, वाट बघितली, परत चढवलं. मांसात खुपसलेला प्रोब, म्हणजे थर्मामीटरची सुई, तेव्हा जेमतेम ९० दाखवत होता म्हणून वाचलो.

जेवायला उशीर झाला तो झालाच. पण कापल्यावर कडेपर्यंत एकसारखा गुलाबी. तर साडू म्हणतात, "रक्त आहे रे, कच्चं ठेवलंस." अहो रक्त कसाई आधीच काढतो, ते लाल पाणी म्हणजे मायोग्लोबिन, स्नायूतलं प्रोटीन! पण ऐकणार कोण. त्यांनी आपला तुकडा मायक्रोवेव्हमध्ये घातला, करडा झाल्यावर बाहेर काढला आणि सगळ्यांसमोर म्हणाले, चिवट झालाय. हे ते अजून प्रत्येक बारशाला सांगतात.

तर तुमचं. तुकडा कुठला ते लिहिलंच नाहीये, आणि सगळं त्यावरच आहे. प्राइम रिब किंवा सरलॉइन असेल तर २२५-२५० वर, आत ११५-१२० झालं की काढा, अर्धा तास झाकून ठेवा, तोवर प्लेट काढून व्हेंट उघडून ग्रिल लालबुंद करा आणि सगळ्या बाजू एकेक मिनिट भाजा. मीडियम रेअर होतो. ब्लेड रोस्ट, ज्याला अमेरिकेत चक म्हणतात, तो असा काढलात तर चपलेचा तळवा खाल, त्यातलं कोलॅजेन, म्हणजे चिवट तंतू, विरघळायला आत २०० च्या आसपास जावंच लागतं, सहा-सात तास धरा. मध्ये १६० ला प्रोबचा आकडा अडतो, तेव्हा घाबरून आच वाढवायची नाही. माझा अंदाज, तुमचा चिवट झाला तो हाच. किंवा आय ऑफ राउंड असेल आणि जास्त शिजवला असेल, त्यात चरबी फारच कमी असते, तो आतून गुलाबी असतानाच उतरवून मांसाच्या धाग्यांना आडवं कागदासारखं पातळ कापायचं. झाकणावरच्या काट्यावर विश्वास नको, प्रोब मांसाच्या मध्यात हवा, हाडाला टेकलेला नको.

झाकण उघडताना आधी दोन बोटं उचलून थांबा, एकदम उघडलंत तर भडका उडून भुवया जातात. पेटवायला लायटर फ्लुइड अजिबात नको, वास सिरॅमिकमध्ये मुरतो.

हो, आणि हे आधीच सांगायला हवं होतं: पाकिटावर 'मेकॅनिकली टेंडराइज्ड' लिहिलं असेल तर गुलाबीचे लाड नकोत, सुया टोचून मऊ करताना वरचे जंतू आत गेलेले असतात, ६३ सेल्सिअस म्हणजे १४५ पर्यंत न्यायचंच. कॅनडात २०१४ पासून हे लेबलवर लिहिणं सक्तीचं आहे. घरात गरोदर बाई किंवा म्हातारं माणूस असेल तरी तेच. थंडी आहे म्हणून ग्रिल गराजमध्ये घेऊ नका, कोळशाचा कार्बन मोनॉक्साइड कळत पण नाही.

आणि दर दहा मिनिटांनी उघडून बघितल्याशिवाय चैन पडत नसेल तर सरळ गॅस ग्रिल घ्या. साडूंचा विकायचाय, विचारून सांगू का?